ओसरत्या केवड्याचा पाचवा दिवस

"हे कॅलेंडर आहे का भेळ?" शालिग्रामजींनी कागद वाचता वाचता विचारलं.

अपूर्व खिडकीशी जायचा, टेबलाशी यायचा, पुन्हा खिडकीशी जायचा. चार वाजून वीस मिनिटं झाली होती. जबलपूरच्या महाराजपुरातल्या त्यांच्या गल्लीच्या तोंडाशी, चहाच्या टपरीजवळ, त्याची बहीण अंजनी स्कूटर लावून उभी होती. तिनं साफ बजावलं होतं, "पाचपर्यंत थांबते. बाबांनी बोलावलं तर येते. नाही तर मी चालली गोरखपूर मोहल्ल्यात सासरी, अन् मग हा विषय तू पण काढू नको."

अंजनीनं तिवारींच्या मुलाशी लग्न केलं तेव्हा शालिग्रामजी दोन वर्षं तिच्याशी बोलले नव्हते. मग हे नवीन घर बांधलं आणि कुठं त्यांना पाझर फुटला. दसऱ्याला त्यांनी लेकीला पोस्टकार्ड टाकलं: कार्तिक वद्य पंचमीला वास्तुशांत आहे, दोघं या. इंग्रजी तारीख लिहिलीच नाही. गणिताचे रिटायर्ड मास्तर, जबलपुरातली निम्मी मराठी घरं मुहूर्त त्यांनाच विचारणार. तारखा बँकेसाठी असतात असं त्यांचं म्हणणं. वास्तुशांतीला त्यांनी गुरुजींना दीड तास ताटकळत ठेवलं, पण लेक आली नाही. सहा वर्षं झाली त्याला. तेव्हापासून कोणी अंजनीचं नाव काढलं की म्हातारा भरल्या ताटावरून उठायचा.

आणि अंजनी? तीही त्यांचीच लेक, तोंड मिटून बसली. मागच्या आठवड्यात कुठं तिच्या तोंडून निघालं, "गेली होती ना मी! करवाचौथच्या दुसऱ्या दिवशी. गेटला हे मोठं कुलूप. मिठाईचा डबा मांडीवर घेऊन तीन तास पायरीवर बसली." अपूर्वनं तिच्या सासरच्या स्वयंपाकघरातलं हिंदी पंचांग उघडून पाहिलं, त्यात कार्तिक वद्य पंचमी करवाचौथच्या दुसऱ्याच दिवशी होती, आणि त्यानं कपाळाला हात लावला. ताई महिनाभर आधी आली होती!

पण हे बाबांना सांगायचं कसं? ताईचं नाव ऐकून घ्यायला ते बसतील तर शपथ. अपूर्व पुण्याच्या एका कंपनीसाठी घरूनच मोबाईल गेमच्या गोष्टी लिहायचा. त्यानं सरळ एक जगच रचलं, त्याचं कॅलेंडर बनवलं आणि 'जरा तपासून द्या' म्हणून बाबांपुढे ठेवलं.

"तिथं दिवस सारखे नसतात, बाबा. एखादा दिवस दोनदा उगवते, एखादा उगवतच नाही."

"वृद्धितिथी अन् क्षयतिथी. आमचंच चोरून आम्हालाच दाखवून राहिला!" म्हातारा खूश झाला होता. "पुढे बोल."

"सूर्याचा भरवसा नाही, म्हणून लोक एका तलावावर महिने मोजतात. तलाव पंधरा दिवस भरते, पंधरा दिवस ओसरते. दक्षिणकाठी तलाव आटला की महिना संपते. उत्तरकाठी तलाव काठोकाठ भरला की संपते. महिन्यांची नावं मात्र दोघांची एकच."

शालिग्रामजींनी बोटांवर मोजलं. "म्हणजे भरता पंधरवडा दोघांचा एकच. ओसरता पंधरवडा उत्तरेला आधी येणार, दक्षिणेला नंतर. दिवसाचं नाव तेच, अन् मधे महिन्याचं अंतर. अच्छा."

"पुढच्या पानावर गोष्ट आहे," अपूर्व म्हणाला.

गोष्ट सहा ओळींची होती. दक्षिणकाठच्या एका म्हाताऱ्यानं उत्तरेला दिलेल्या लेकीला निरोप धाडला: केवडा महिन्यातल्या ओसरत्या पंधरवड्याच्या पाचव्या दिवशी ये. ती आपल्या काठच्या पाचव्या दिवशी आली. दाराला कुलूप होतं. ती परत गेली. महिन्यानं म्हातारा दार उघडून बसला. कोणी आलं नाही.

शालिग्रामजींनी ते पान दोनदा वाचलं. अपूर्वच्या फोनवर ताईचा मेसेज आला, पाच मिनिटं राहिली. बाबा आता उठतील, कागद भिरकावतील, असं त्याला वाटलं. ते हललेच नाहीत.

"हे पुण्यावाल्यांसाठी नाही," ते म्हणाले.

"नाही, बाबा."

"मला माहीत आहे हे. पाच वर्षं झाली." त्यांनी पान खाली ठेवलं. "वास्तुशांतीच्या पुढच्याच वर्षी समोरच्या दुबेबाई म्हणाल्या, मास्टरजी, पिछले करवाचौथ के दूसरे दिन एक लड़की आपके गेट पर बैठी थी, मिठाई का डिब्बा लेकर. तिथंच हिशेब लागला मला. दुनियेला पंचांग सांगतो मी, अन् लेकीच्या सासरी भिंतीवर कुठलं टांगलं आहे, हे नाही सुचलं."

अपूर्व भडकलाच. "पाच वर्षं! अन् ताटावरून उठत होते तुम्ही! आम्हाला वाटायचं राग आहे!"

"घास उतरत नव्हता रे."

मग त्यांनी विचारलं, कुठं आहे ती? अपूर्वनं खिडकीतून बोट दाखवलं. म्हातारा अनवाणीच निघाला. अपूर्व चपला हातात घेऊन मागे धावला. टपरीजवळ अंजनीनं हेल्मेट चढवून स्कूटर चालू केली होती. शालिग्रामजी पुढं झाले आणि त्यांनी दोन्ही हातांनी हँडल धरलं.

"बाबा, मी आली होती."

"माहीत आहे, बेटा. पाच वर्षांपासून माहीत आहे."

अंजनीनं स्कूटर बंद केली. हेल्मेट काढलं. "मग एक फोन काहून नाही केला?"

शालिग्रामजींनी हँडल सोडलं नाही.

"चूक तुझी असती, तर केव्हाच माफ केली असती."