ऐकायचं काम

"आता सायबाला फोन कर," सरजाबाई म्हणाली. "माय आजारी हाय म्हन. अजून आठ दिवस द्या म्हन."

"सिनेमा संपला की करतो," धम्मदीप म्हणाला.

त्यानं पेनड्राइव्ह टीव्हीला लावला होता. पाणबुडीचा सिनेमा, लढाईचा. तीन वर्षांपासून तो स्वतः नौदलाच्या पाणबुडीवर होता, पण तिथं काय करतो ते त्यानं घरी कधी सांगितलं नव्हतं. उद्या त्याची सुट्टी संपत होती.

सरजाबाई सूप घेऊन भुईमुगाच्या शेंगा फोडत बसली. पडद्यावर गोरी माणसं अरुंद बोळातून धावत होती आणि तमिळ बोलत होती. त्यांचे ओठ आधी मिटायचे, बोलणं मागून संपायचं.

"हे गोरे कव्हा शिकले मद्राशी?"

"आवाज दुसऱ्यांचे हायत, माय. बोटीवर तमिळ पोरं लई. तिथं ह्योच सिनेमा फिरतो."

"काय बोलून राह्यले?"

"वर दुश्मनाचं जहाज आलंय म्हनतेत."

मग पडद्यावरचं बोलणं थांबलं. इंजिन थांबलं. माणसं जिथं होती तिथंच राहिली. एकानं हातातला पाना खाली न ठेवता तसाच धरून ठेवला.

धम्मदीप उठला, त्यानं पंखा बंद केला आणि परत येऊन बसला. नजर पडद्यावरच होती. आपण उठलो हे त्याला कळलेलं दिसत नव्हतं.

पत्र्याखाली खोली तापली होती. सरजाबाईच्या बोटांत एक शेंग होती. तिनं ती फोडली नाही. दुसऱ्या हातानं बांगड्या दाबून धरल्या. आता सिनेमा तिला सगळा कळत होता.

बऱ्याच वेळानं जहाज वरून निघून गेलं. माणसं पुन्हा बोलायला लागली.

"तुजं तिथं काम काय?" तिनं हळूच विचारलं.

"कानाला यंत्र लावून बसायचं. वरून कोन चाललंय ते ऐकायचं."

"घरी तर तीन हाका मारल्याबिगर ऐकू येत न्हाई तुला."

तो हसला.

"आन् तू हितं असल्यावर कोन ऐकतं?"

"सेल्वम. मी पोचलो की त्याची सुट्टी सुरू. सात महिने झाले घरी गेला न्हाई."

"माय हाय त्याला?"

"हाय की. कव्हा येतो, कव्हा येतो, चालूच असतं तिचं."

सिनेमा संपला. धम्मदीपनं फोन हातात घेतला आणि नंबर शोधू लागला.

"ठिव तो," सरजाबाई म्हणाली. "उद्याची यष्टी कोनती धरतो?"

"नऊची."

"सातची धर. नऊचीचा भरोसा न्हाई. नांदेडात रेल्वे चुकंल."