दारातली बुई

थोरल्या भावाच्या ज्या पत्राला त्र्यंबकरावांनी कधी उत्तर दिलं नाही, ते राजस्थानातून एका रोपासोबत आलं होतं. "आईच्या तेराव्यालाही तू पुस्तकात तोंड खुपसून बसलास. तुझ्या दारात ही बुईच शोभेल. वाळवंटातलं झुडूप आहे, तुझ्यासारखंच कोरडं. पाणी घालू नकोस."

त्यांनी ते दाराशी लावलं, ते मरावं म्हणूनच. पाण्याचा थेंब दाखवला नाही, तरी ते कमरेएवढं झालं, चंदेरी आणि माजोरडं. जाता-येता ते टोमणा मारतंय असं त्यांना वाटे. अखेर एका पुस्तकात त्यांना सापडलं, की जास्त पाण्याने त्याची मुळं कुजतात. मग ते रोज सकाळी बादली ओतू लागले.

पंधरवड्यात पानं काळवंडली. पत्नी म्हणाली, "भाऊजींना उत्तर द्यायचं धाडस नाही, म्हणून मुक्या झाडाचा जीव घेताय होय?"

"दादाने मला कोरडा म्हटलं."

"ते खोटं ठरवायला बादलीभर पाणी पुरलं वाटतं."

त्र्यंबकराव उठले. मग बाहेर जाऊन उकिडवे बसले आणि हातांनी बुईच्या बुंध्याचा चिखल उपसू लागले.

बुईला पुन्हा चंदेरी पालवी फुटली, त्या दिवशी त्यांनी बरीच कार्डं लिहून फाडली. शेवटच्यावर लिहिलं, "दादा, तुझी बुई मला नको. स्वतः येऊन घेऊन जा. आंबे संपायच्या आत ये."

आणि मन फिरायच्या आत ते टपालपेटीत टाकलं.