चार अक्षरी नाव

रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर नवऱ्याने आपला फोन तिच्यापुढे सरकवला. त्यालाही तसलं नाव हवं होतं. खेळात तिने आणि मेव्हणीने लावलंय तसं, जपानी अक्षरांत.

ती ताटं उचलत होती. उचललेली ताटं तिने पुन्हा टेबलावर ठेवली.

खेळ त्यानेच तिच्या टॅबवर घालून दिला होता. लग्नानंतर दोन महिन्यांत त्याने तिचं सिम काढून घेतलं. कामावर जाताना तो दाराला बाहेरून कुलूप लावायचा. काळजी वाटते म्हणायचा. दिवसभर कंटाळशील, म्हणून हा खेळ. गट तिघांचाच होता: तो, ती आणि तिची धाकटी बहीण. गटात कोण काय लिहितं ते सगळं त्याच्या फोनवर उमटायचं आणि रोज संध्याकाळी तो ते वाचून काढायचा. त्यात काही नसायचं. आज दमले, भाऊजी छान खेळलात, असलंच.

नावं मात्र त्याला वाचता येत नव्हती. हल्ली सगळेच असली अक्षरं लावतात, दिसायला बरी दिसतात, एवढंच त्याला माहीत. ती अक्षरं आणि थोडे जपानी शब्द दोघी बहिणींनी शाळेत असताना एका सुट्टीत घोकले होते, आईला न कळता एकमेकींना चिठ्ठ्या लिहिता याव्यात म्हणून. नाव सात दिवसांतून एकदाच बदलता यायचं. धाकटीचं नाव दोन आठवड्यांपूर्वी होतं 'कुलूपवाला'. मागच्या रविवारपासून होतं 'कधी'. त्यावर बुधवारी तिने आपलं नाव बदलून 'थांब' केलं, कारण नवऱ्याची पाळी कधी दिवसाची, कधी रात्रीची. पुढच्या आठवड्यात कुठली लागेल हे तिला ठाऊक नव्हतं.

आज सकाळी ते कळलं. उद्या त्याची पाळी आठ ते चार. आणि परवा सामान हलवायचं. कंपनीचं नवं गोदाम लांब होतं, तिथेच खोली मिळाली होती. मेव्हणीला पत्ता मागाहून कळवू, तो म्हणाला, घाई काय आहे. तिचं स्वतःचं नाव बुधवारपर्यंत बदलणार नव्हतं. सकाळपासून ती टॅब उघडत होती आणि 'थांब' वाचून मिटत होती.

"काय लिहू?" तिने विचारलं.

"काहीतरी दणकट बघ. वाघ लिही."

तो खुर्ची सरकवून तिच्या शेजारी आला. तिने जपानी कळफलक लावला. त्यात इंग्रजी अक्षरं दाबली की त्यांची जपानी अक्षरं होतात. ए, एस, यू. あす झालं. उद्या. त्याचा श्वास तिच्या कानाला लागत होता. के, यू, जे, आय. अक्षरं चार झाली आणि खाली फोनने सुचवलेल्या शब्दांची ओळ आली. त्यातल्या एका शब्दात ठसठशीत नऊचा आकडा होता.

"हा नऊ कुठून आला?"

"फोन आपलं आपणच काहीतरी सुचवतो." तिने त्या ओळीला हात लावला नाही. जशी होती तशीच चार अक्षरं ठेवली आणि बटण दाबलं.

あすくじ. उद्या नऊ वाजता.

त्याने फोन हातात घेऊन लांब धरला, मग जवळ धरला.

"वाघाला एवढी अक्षरं लागतात?"

"नुसता वाघ नाही," ती म्हणाली. "ढाण्या वाघ."

तो खूश झाला. गोदामातला एक ड्रायव्हर पूर्वी जहाजावर होता, त्याला ही भाषा थोडीफार वाचता येते म्हणाला; उद्या त्याला दाखवतो. कधी, असं तिच्या तोंडून निघून गेलं. जेवणाच्या सुट्टीत, एकला, तो म्हणाला, आणि तिच्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिला. ती ताटं घेऊन आत गेली. नळ सोडला आणि एकच ताट किती तरी वेळ घासत उभी राहिली.

संध्याकाळी तो पलंगावर लोळून खेळत होता. मेव्हणीनेही नाव बदललं म्हणत त्याने फोन तिच्याकडे वळवला. दोनच अक्षरं होती. はい. हो.

"हे काय?"

"मांजर."

मेव्हणीला शोभतं, म्हणून तो हसला. तीही हसली. मग तिला उठून गॅलरीत जावंसं वाटलं, पण गॅलरीचं दारही त्याला विचारून उघडायचं असे, म्हणून ती बसून राहिली.

सोमवारी पावणेआठला त्याने डबा घेतला. बाहेरून कुलूप लागलं. त्याने ते दोनदा ओढून पाहिलं, रोजच्यासारखं. तिने कागदपत्रांची पिशवी पोटाशी धरली, चपला घातल्या आणि दाराला टेकून जमिनीवर बसली. घड्याळाकडे बघायचं नाही असं ठरवलं आणि बघतच राहिली.

नऊला पाच कमी असताना जिन्यात पावलं वाजली. दोन माणसांची. दाराबाहेर हत्यारांची पिशवी खाली टेकली. धाकटीने नुसतं "ताई" म्हटलं.

"किल्ली हरवली का हो, बाई?" कुलूपवाल्याने विचारलं.

ती उठून उभी राहिली आणि दाराच्या फटीला तोंड लावलं.

"नाही. मला ती कधी दिलीच नव्हती."

बाहेर कुलूपवाल्याने पिशवी उघडली. मग लोखंडावर करवत फिरू लागली.