चुलीमागची भिंत

चार मित्रांनी मिळून करायच्या सिनेमासाठी कॅमेरामन कुंदननं पंधरा गावं पालथी घातली आणि शेवटी घोटीजवळच्या आपल्याच घरातली चुलीमागची भिंत निवडली. चाळीस वर्षांच्या धुरानं ती अशी काळीभोर झाली होती, की खिडकीतून येणारा एवढासा कवडसाही तिच्यावर जिवंत वाटायचा. "आपली चुलीमागची भिंत सिनेमात घेतोय," एवढंच त्यानं आईला फोनवर सांगितलं.

शूटिंगच्या दिवशी सकाळी सगळ्यांना घेऊन तो घरी पोचला, तर भिंत पांढरीशुभ्र. त्याची आई, अंबूबाई, चुन्यानं माखलेले हात पदराला पुसत हसत उभी होती.

"आई, काय केलंस हे! मला ती काळीच हवी होती. किती सुंदर होती गं ती!"

अंबूबाईचं हसू मावळलं.

"मला काय ठाऊक, बाबा? शाळेत होतास तवा एका दोस्ताला कधी घरात आणलं नाय तू. याच भिंतीची लाज वाटायची ना तुला?"