तिमाही अहवालातला याक

"हा याक कोण?" तालाय-बाइकेंनी, म्हणजे साहेबांनी, विचारलं.

अनारकुलने साहेबांच्या हातातल्या कागदांकडे पाहिलं. दुधाच्या कारखान्याचा तिमाही अहवाल साहेबांनी उलटा धरला होता, आणि मागच्या कोऱ्या बाजूवर तिच्या पोरीची चित्रकथा होती. चौकटीच चौकटी, चौकटीत जनावरं, जनावरांच्या तोंडी संवाद. सकाळच्या घाईत पक्की प्रत घरी राहिली होती. पिशवीतून आली ती मीरिमला चित्रं काढायला दिलेली रद्दी.

"बाइके, तुमच्या पाठीवर वारा येतोय," ती म्हणाली आणि उठून खिडकी लावून आली.

"वाऱ्याचं राहू द्या. याक कोण ते सांगा."

याक सगळ्यांसमोर मोठ्या टेबलामागे बसला होता. सगळ्यांचे फोन त्यानं खणात जमा केले होते आणि त्यातल्याच एकावर तो गेम खेळत होता. दुसऱ्या हातात सामसा, मटण भरून भट्टीत भाजलेला. तोंडी वाक्य होतं, 'मला काही नकोय! गरज तुम्हाला आहे!'

आता तालाय-बाइकेही बैठकीआधी सगळ्यांचे फोन डब्यात जमा करून घेत. ते वाक्य तर त्यांचं ठेवणीतलं. आणि खणातल्या सामशाचा वास अख्ख्या मजल्याला पाठ होता.

"लहान आहे हो पोर. चौदाची."

"चौदाव्या वर्षी मी मेंढ्या राखत होतो. कुणाची टिंगल करत बसलो नव्हतो! संध्याकाळी भेटा. तुमच्या नोकरीचं तेव्हाच ठरवू."

अनारकुल बाहेर आली. नवरा रशियात ट्रक चालवायचा, पैसे यायचे तेव्हा यायचे. घर तिच्या पगारावर. आणि चूकही तिचीच. रोज जेवताना ऑफिसच्या कागाळ्या कुणी सांगितल्या पोरीला? कार्टी कानात हेडफोनची बोंडं घालून चित्रं काढत बसायची, नुसतं 'हुं' म्हणायची. सगळं टिपून घेत होती तर!

जेवणाच्या सुट्टीत ती रोजच्यासारखी रस्ता ओलांडून समोरच्या शाळेत गेली. नोकरी गेली म्हणून पोरीनं काय उपाशी राहायचं? मीरिमचा तास चालू होता, त्यामुळे विचारता काही आलं नाही. वर्गात जाऊन सूप तेवढं देऊन आली.

तोवर सेक्रेटरीच्या कृपेनं चित्रं सगळ्यांच्या फोनवर पोचली होती. खाई त्याला खवखवे म्हणतात ते काही खोटं नाही. चित्रात एक कोल्हा याकाच्या कानाला लागून कोण उशिरा आलं ते सांगत होता. वसुलीतला एर्मेक आपणहून अनारकुलच्या टेबलाशी आला.

"एजे, मोठ्या बहिणीसारख्या तुम्ही, शप्पथ, तुमचं नाव मी एकदाच सांगितलं."

"माझं नाव? तू?"

एर्मेकनं जीभ चावली. पण आता उपयोग काय!

मग गोदामातला जोलदोश चॉकलेट घेऊन आला. चित्रात एक अस्वल मिटल्या पापण्यांवर डोळे रंगवून झोपलं होतं. "मी जेवणानंतरच डुलकी घेतो, एजे," तो म्हणाला. "तेवढं लिहायला सांगा पोरीला."

कोंबडीबद्दल मात्र ऑफिसात दुमत नव्हतं. ही कोंबडी प्रत्येक चौकटीत दार ढकलून घुसायची, 'वारा! वारा!' ओरडत खिडक्या लावायची, आणि कुणाच्या तरी नाकाखाली काहीतरी गरमागरम धरायची. दुसरं कोण असणार? कॅन्टीनची बुरुल-एजे!

"मी?" बुरुल-एजे किटली आपटून कडाडली. "माझं नाक असं आहे? मी अशी धावते? हसा, हसा! वाऱ्यानं कंबर धरली की या माझ्याकडे!"

"मनावर घेऊ नका, एजे," अनारकुल म्हणाली आणि तोंडात रुमाल कोंबून वळली. नोकरी टांगणीला, तरी हसू आवरेना. आपण कसे दिसतो ते माणसाला कसं कळत नाही, नवल आहे बाई!

संध्याकाळी तालाय-बाइके खाली मान घालून बसले होते. टेबलाचा खण सताड उघडा होता.

"तुमच्या पोरीची नजर फार तिखट आहे," ते म्हणाले. "वीस वर्षांत मला कुणी तोंडावर बोललं नाही. बैठकीतला तो डबा आजपासून बंद. तुमची नोकरी कुठे जात नाही. पक्की प्रत उद्या आणा." त्यांनी कागदात गुंडाळलेला गरमागरम सामसा पुढे केला. "आणि हा तिला द्या. पुढच्या भागात... शिंगं जरा रुबाबदार काढ म्हणावं."

अनारकुल घरी पोचली ती हवेतच. मीरिम खिडकीशी बसून चित्र काढत होती.

"गुणाची गं माझी बाय! आईचं ऑफिस सरळ केलंस! आणि मला वाटायचं, तू ऐकतच नाहीस!"

मीरिमनं एका कानातलं बोंड काढलं. "काय ऐकत नाही?"

"ऑफिसच्या गोष्टी! तो याक, तो कोल्हा..."

"अपा, तो आमचा आठवी ब चा वर्ग आहे," मीरिम म्हणाली. "याक म्हणजे बीजगणिताचे सर. तुझं ऑफिस कुठून आलं मध्ये?"

अनारकुल मटकन खाली बसली. मग जे हसत सुटली ते डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. बिचारा एर्मेक! बिचारे तालाय-बाइके!

"आणि कोंबडी गं? तुमच्या वर्गातही आहे का एखादी बुरुल-एजे?" तिनं विचारलं. विचारता विचारता उठली, मीरिमच्या डोक्यावरून हात लांबवून खिडकी लावली, खुंटीवरची लोकरी टोपी पोरीच्या कानांपर्यंत ओढली आणि अजून गरम असलेला सामसा तिच्या नाकाखाली धरला. "खा आधी. वाऱ्यात बसतेस ती बसतेस!"

मीरिमनं टोपीखालून आईकडे पाहिलं आणि हळूच पेन्सिल उचलली.

"अपा, अशीच उभी राहा जरा," ती म्हणाली. "पंख मला अजून नीट जमत नाहीत."