भिंतीच्या भेगा

हिना लग्न होऊन एरंडोलला आली आणि पहिल्याच पावसाळ्यात सासरच्या नव्या घराला भेगा पडल्या. सासूबाई जतनबाई येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत सुटल्या, "सुनेचा पायगुण, दुसरं काय!" ऐकून ऐकून जीव विटला तेव्हा हिनाने नवऱ्याच्या मागे लागून घराखालची माती तपासून घेतली.

इंजिनिअर सगळ्यांसमोर म्हणाले, "काकू, खाली नुसती काळी माती आहे. पावसात फुगते, उन्हाळ्यात आकसते. घराचं वजन पेलायची ताकदच नाही तिच्यात. पाया खाली मुरमापर्यंत न्यायला हवा होता."

कितीतरी दिवसांनी हिनाने मान वर केली.

 

जतनबाईंनी कपाळावर हात मारला. "बघा! हिचा पाय लागला अन् मातीतलीसुद्धा ताकद गेली!"