चार मिनिटांची शांतता

"इथे तुमचं व्हायोलिन येऊ दे, काका," दिग्दर्शक संगीतकाराला म्हणाला.

पडद्यावर, बंद पडलेल्या काचकारखान्यातली एक बाई रडत होती. तीस वर्षं तिने तिथे बरण्या पुसून खोक्यात भरल्या होत्या. बोटांवर जुन्या कापल्याच्या पांढऱ्या रेघा होत्या.

संगीतकार पंचवीस वर्षं माहितीपटांना संगीत देत आला होता. पूर असो, आग असो, टाळेबंदी असो, पडद्यावर माणूस रडला की खाली व्हायोलिन. त्याच्या पहिल्याच माहितीपटातल्या चालीला बक्षीस मिळालं होतं. तेव्हापासून प्रत्येक दिग्दर्शकाला तीच चाल हवी असे, फक्त जरा वेगळी. म्हणजे बघणाऱ्याला ओळखू येणार नाही, पण रडू मात्र येईल. बायकोने त्या चालीला 'कांदा' असं नाव ठेवलं होतं. "अहो, आज कुणासाठी चिरताय?" असं ती चहाचा कप ठेवताना विचारायची. पूर्वी तो हसायचा. हल्ली व्हायोलिनची पेटी उघडली, तरी त्याला स्वतःची शिसारी यायची.

ही बाई मात्र निराळी होती. ती कॅमेऱ्याकडे बघत नव्हती. नाक बाहीला पुसत होती. मध्येच थांबायची, कशाला तरी कान दिल्यासारखी, आणि पुन्हा हुंदका यायचा. चांगली चार मिनिटं. इतकं खरं रडणं त्याच्या वाट्याला कधी आलं नव्हतं.

"इथे काहीही वाजणार नाही," तो म्हणाला. "नुसता तिचा आवाज."

दिग्दर्शक गडबडला. हळू आवाजात चालेल म्हणाला, पियानो चालेल म्हणाला, शेवटी बासरीपर्यंत खाली उतरला. संगीतकाराने शांतपणे सांगितलं, वाजवायचंच असेल तर श्रेयनामावलीतून माझं नाव काढ. त्या नावावरच माहितीपट महोत्सवात जाणार होता. दिग्दर्शकाने मान डोलावली, पण तोंड एरंडेल प्यायल्यासारखं केलं.

घरी येऊन त्याने बायकोला सांगितलं, आज चिरला नाही. तिने चहा ठेवला आणि त्याच्या शेजारी बसली. असं बऱ्याच वर्षांत झालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्याने त्या प्रसंगाचं मूळ ध्वनिमुद्रण मागवून घेतलं. शांतता ठेवायची तर ती स्वच्छ हवी. कानाला हेडफोन लावून त्याने पंख्याची घरघर काढली, मग रस्त्यावरचे हॉर्न काढले. बाईच्या श्वासाखाली तरीही काहीतरी उरलंच. त्याने आवाज वाढवला. आणखी वाढवला.

खाली, पत्र्याच्या डब्यातून यावा तसा, बारीक आवाजात कांदा होता.

त्याने दिग्दर्शकाला फोन लावला.

"सापडलं का?" दिग्दर्शक ओशाळून हसला. "काय करणार, काका, दोन तास बाई कोरडी ठणठणीत बोलत होती. शेवटी मोबाइलवर तुमची चाल लावली, तेव्हा कुठे धार लागली. म्हणून तर सांगत होतो, वर व्हायोलिन घाला. खालचं झाकलं गेलं असतं."